सिनेमाच्या आर्ट डिपार्टमेंटमध्ये नवीन आहेस? आधी एवढंच कर

तुझी स्केचेस पाहिली, हात छान आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये (एफटीआयआय) कला दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आहे, प्रवेश मिळाला तर उत्तमच. नाही मिळाला तर खचू नकोस, आर्ट असिस्टंट म्हणून कामाला लाग.

- पटकथा हातात आली की सीनवार प्रॉपर्टीची, म्हणजे सीनमध्ये लागणाऱ्या वस्तूंची, यादी काढ.
- टेप कायम खिशात हवा. लोकेशनचा जिना आणि दरवाजासुद्धा मोज. माझं एक कपाट जिन्यात अडकलं आणि अख्खं युनिट खोळंबलं होतं.
- प्रत्येक शॉटनंतर कंटिन्युइटीचा फोटो काढ, म्हणजे पुढच्या शॉटमध्ये सगळं जसंच्या तसं जुळतं. कप अर्धा होता की भरलेला, हे डोक्यात राहत नाही.

नवशिक्यांची मोठी चूक म्हणजे सगळं कोरं करकरीत ठेवणं. चाळीतल्या घरात स्टोव्हमागची भिंत तेलकट असते, स्विचबोर्डभोवती बोटांचे डाग असतात. कोरा पांढरा पडदा चहाच्या पाण्यात बुडवून वाळव, वर्षानुवर्षं वापरल्यासारखा दिसतो. असल्या युक्त्या सेटवरच्या पेंटरदादांकडे आणि सुतारांकडेच मिळतात. त्यांच्याजवळ बस, विचार, ब्रश हातात घे.

थ्रीडी सॉफ्टवेअरचं नंतर बघू. आणि हो, मानधनाचं आधीच लेखी घे.