पहिल्या म्युझिक व्हिडिओआधी

पहिला म्युझिक व्हिडिओ करण्याची तुमची उमेद पाहून आनंद झाला. सुरुवातीला कॅमेऱ्यापेक्षा गाण्याकडे लक्ष द्या; मुखडा, अंतरे आणि मधले संगीत यांच्या वेळा सेकंदांत लिहून काढा आणि त्या कागदावरच दृश्ये रचा. चार मिनिटांत अख्खी कादंबरी सांगण्याचा मोह बहुतेक नवोदितांना होतो, पण एक प्रसंग पुरतो.

चित्रीकरणस्थळी अंतिम ध्वनिमुद्रण मोठ्याने वाजवा आणि गायकाला खरोखर गायला सांगा, कारण नुसते ओठ हलवले की गळा आणि श्वास ते उघड करतात. संथ गतीसाठी सेकंदाला ४८ फ्रेम्सने (चित्रचौकटींनी) टिपून २४ने दाखवायचे असेल, तर चित्रीकरणावेळी गाणे दुप्पट वेगाने वाजवावे लागते, म्हणजे नंतर ओठ मूळ गाण्याशी जुळतात. हे विसरल्यामुळे माझा एक संपूर्ण दिवस वाया गेला होता.

गाणे दुसऱ्याचे असेल, तर हक्कधारकांची लेखी परवानगी आधीच घ्या. लेन्स आणि रंगसंस्करण यांविषयी नंतर बोलू.