जात्याची घरघर पुसू नकोस

अनेक आशीर्वाद.

जात्यावरच्या ओवीचं संग्रहातलं मुद्रण घेऊन तू केलेला चार मिनिटांचा तुकडा काल रात्री हेडफोन लावून तीनदा ऐकला. खाली सतत धरलेला षड्ज, म्हणजे सा, मला फार आवडला. पण ओवी इतकी साफ केली आहेस की जातंच उरलेलं नाही.

मीही हेच केलं होतं. पहिल्या कामात मागची घरघर पुसली, दोन ओळींमधले श्वास कापले आणि उत्साहानं आईला ऐकवलं. तिचं अर्धं आयुष्य दळणात गेलेलं. ती म्हणाली, "गाते छान. पण ही बाई दमत कशी नाही?" ते काम मी पहिल्यापासून पुन्हा केलं.

सगळे इफेक्ट बंद करून मूळ फाइल ऐक. एका हातात खुंटा, दुसऱ्या हातानं वैरण, म्हणजे जात्यात घालायचे दाणे. वैरण घालताना फेरा किंचित मंदावतो, तिथंच ओळ लांबते. दाणे आत गेले की घरघर जाड होते, संपत आले की कोरडी. तू मात्र ओवी ताणून मेट्रोनोमच्या यांत्रिक ठोक्यावर बसवली आहेस. तुझा ठोका जात्याच्या फेऱ्यावरून घे, मग बघ काय होतं.

आणखी एक गोष्ट मला फार खुपली. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी पुण्याहून सुरू केलेल्या कामात गावोगावच्या बायकांच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमल्या. पुढे १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल यांनी त्यातल्या कित्येक ध्वनिमुद्रित केल्या. आज 'पारी' या ग्रामीण भारताच्या ऑनलाइन संग्रहावर ओवीसोबत गाणारीचं नाव आणि गाव वाचायला मिळतं. तुझ्या फाइलचं नाव आहे 'व्होकल ३'.

१९०२ साली कलकत्त्यात गायिका गौहरजान यांनी गाणं संपताना तबकडीवर स्वतःचं नाव पुकारलं. रेकॉर्ड छापायला जर्मनीला जायच्या, तिथं गाणारी कोण हे कळावं म्हणून ही सोय, असं सांगतात. कारण कारखान्याचं असेल, पण ती कोण हे आज आपल्याला तिच्याच तोंडून कळतं. ओवीत बाई भावाचं नाव घेते, लेकाचं घेते, विठ्ठलाचं घेते. स्वतःचं क्वचितच. ते आपण लिहायचं, आणि कामाच्या शेवटी बारीक अक्षरात नाही.

परवानगीचं थोडक्यात सांगतो. आपल्याकडे ध्वनिमुद्रणावरचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं राहतो. जुन्या तबकड्यांचा तो बहुधा संपलेला असतो, या ओव्यांचा नाही. संग्रहाला रीतसर पत्र लिही. जमलं तर त्या गावी जा. बाई हयात असेल तर आधी तिला ऐकव, नसेल तर तिच्या लेकीसुनांना.

मूळ मुद्रण मी शोधून ऐकलं. दुसऱ्या मिनिटाला मागे एक पोर रडायला लागतं. बाई ओळ तोडत नाही, फक्त आवाज थोडा मऊ करते. तो भाग तू कापला आहेस. पुढच्या खेपेला मला तो ऐकायचा आहे.