अमेरिकेत कैद्याला चाळीस-चाळीस वर्षं एकांतकोठडीत कसं ठेवता येतं? कोर्ट एवढी शिक्षा देतं का?

कोर्ट देतच नाही, खरी गोम तिथेच आहे.

आपल्याकडे एकांतवास न्यायालय सुनावतं आणि त्याला कायद्याने मर्यादा घातली आहे (पूर्वी दंड संहितेची कलमं ७३-७४, आता न्याय संहितेची ११-१२): एकूण तीन महिने, सलग १४ दिवस, त्यापुढे नाही. 'सुरक्षेसाठी' म्हणून अंडा सेलमध्ये टाकतात ते या हिशेबात धरत नाहीत, पण तो वेगळा विषय.

अमेरिकेत एकांतवास हे बहुधा तुरुंग प्रशासनाने केलेलं 'वर्गीकरण' असतं, म्हणजे कैद्याला कुठे ठेवायचं याचा निर्णय. शिक्षाच नाही, मग मुदत कसली?

लुइझियानातलं अँगोला बघा. १८,००० एकरांचा हा तुरुंग म्हणजे पूर्वीचा गुलामांच्या श्रमावर चाललेला मळा. एप्रिल १९७२ मध्ये तिथे ब्रेंट मिलर या पहारेकऱ्याचा खून झाला. आरोप आला अल्बर्ट वुडफॉक्स आणि हर्मन वॉलेस यांच्यावर. दोघे कृष्णवर्णीय, दोघांनी तुरुंगातच ब्लॅक पँथर या लढाऊ कृष्णवर्णीय संघटनेची शाखा काढलेली. रक्ताळलेला ठसा दोघांशीही जुळला नाही, मुख्य साक्षीदार कैद्याला सवलती मिळाल्याचं पुढे उघड झालं. तरी ६ बाय ९ फुटांची कोठडी, रोज २३ तास.

दर ९० दिवसांनी फेरविचार मंडळ बसायचं. कागदावर कारण ठरलेलं: कोठडीत टाकण्यामागच्या मूळ कारणाचं स्वरूप. मूळ कारण कधी बदलतं का? म्हणजे वागणूक कितीही चांगली असो, तिचा विचार करायला जागाच नाही. २००८ मध्ये तुरुंगप्रमुख बर्ल केन यांनी शपथेवर सांगितलं की वुडफॉक्स अजूनही पँथर विचार सोडत नाही, म्हणून त्याला बाहेर काढणार नाही. वंशाचा प्रश्न इतका उघडपणे क्वचितच नोंदीवर येतो.

वॉलेसची शिक्षा २०१३ मध्ये रद्द झाली, कारण ग्रँड ज्युरीतून (आरोप ठेवायचे का हे ठरवणारं नागरिकांचं मंडळ) बायकांना वगळलं होतं. सुटकेनंतर तीन दिवसांत तो गेला. वुडफॉक्सच्या खटल्यात ग्रँड ज्युरीचा प्रमुख निवडताना वर्णभेद झाल्याचं संघीय न्यायालयाने मान्य केलं, पण तो सुटला २०१६ मध्ये, जवळपास ४४ वर्षांनी.

कॅलिफोर्नियाच्या पेलिकन बे तुरुंगात तर एकांतकोठडीसाठी गुन्ह्याचीही गरज नव्हती. टोळीशी संबंध दाखवणारे तीन पुरावे पुरत, आणि त्यांत चित्रं किंवा कृष्णवर्णीय चळवळीची पुस्तकंही चालत. लवकर बाहेर पडायचं तर इतरांची नावं द्यायची. २०११ आणि २०१३ च्या उपोषणांनंतर २०१५ च्या तडजोडीत हे थांबलं: आता टोळीचा शिक्का पुरत नाही, गंभीर नियमभंग सिद्ध व्हावा लागतो. ही तडजोड फक्त कॅलिफोर्नियापुरती आहे.