विज्ञान कादंबरीचे परीक्षण लिहिताना
बेळगावच्या आपल्या वाचक मंडळात तुम्ही नव्याने आला आहात, म्हणून आग्रहाने सांगतो की, कादंबरीतले यंत्र खरोखर चालेल का, एवढ्यावरच परीक्षण संपवू नका. इंग्रज लेखक एच. जी. वेल्स यांच्या १८९५ मधल्या ‘द टाइम मशीन’ या कादंबरीतला कालप्रवासी ८,०२,७०१ या सालात पोहोचतो, पण तिथले नाजूक एलॉय आणि भुयारात राबणारे मॉरलॉक हे माणसाचे दोन वंशज म्हणजे लेखकाच्याच काळातील मालक-मजुरांमधली दरी आहे, आणि प्रवाशाच्या खिशातून निघालेली दोन कोमेजलेली फुले मला यंत्राहून अधिक बोलकी वाटतात. नव्या कादंबरीत लेखकाने गृहीत धरलेल्या कल्पनेचे नियम शेवटपर्यंत पाळले का, हे वहीत टिपत जा. वाचनालयाच्या प्रतीवर पेन्सिल नको. शिक्षण कन्नड माध्यमातून झाले असेल, तरी जयंत नारळीकरांची ‘वामन परत न आला’ ही मराठी विज्ञान कादंबरी निःसंकोच हाती घ्या.