वाचकांचे प्रश्न : ऑस्करच्या आधीची पेगी ॲशक्रॉफ्ट

गेल्या एका अंकात 'अ पॅसेज टू इंडिया' या चित्रपटाचा ओझरता उल्लेख आला होता. त्यात मिसेस मूर यांची भूमिका करणाऱ्या ब्रिटिश अभिनेत्री पेगी ॲशक्रॉफ्ट यांच्याविषयी विचारणा करणारी बरीच पत्रे आली. त्यांतील पाच प्रश्नांची उत्तरे येथे देत आहोत.

प्रश्न : ॲशक्रॉफ्ट यांना वयाच्या ७७व्या वर्षी ऑस्कर मिळाले असे वाचले. त्यापूर्वी त्यांचे नाव मी कधी ऐकले नव्हते. इतक्या गुणी अभिनेत्रीची दखल घ्यायला जगाला एवढा उशीर का लागावा? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : आपण ज्याला उशीर म्हणता तो चित्रपटाच्या प्रेक्षकांना झाला. लंडनच्या नाटकवेड्या माणसांना हे नाव १९३५ सालापासून तोंडपाठ होते आणि १९५६ साली त्यांना 'डेम' हा (पुरुषांच्या 'सर'सारखा) किताब मिळाला तेव्हा त्यात कोणालाही नवल वाटले नाही.

त्यांचा जन्म २२ डिसेंबर १९०७ रोजी लंडनलगतच्या क्रॉयडन येथे झाला. वडील पहिल्या महायुद्धात मारले गेले. आई हौशी नटी होती. सोळाव्या वर्षी पेगी एल्सी फोगर्टी यांच्या 'सेंट्रल स्कूल'मध्ये दाखल झाल्या. रॉयल अल्बर्ट हॉलच्या इमारतीत भरणाऱ्या या नाट्यशाळेत लॉरेन्स ऑलिव्हिए हे त्यांचे सहाध्यायी होते. १९२६ साली बर्मिंगहॅमच्या रेपर्टरी थिएटरमध्ये त्या व्यावसायिक रंगमंचावर प्रथम उभ्या राहिल्या.

त्यानंतर नऊ वर्षांनी, १९३५च्या ऑक्टोबरात, लंडनच्या न्यू थिएटरमध्ये जॉन गिलगुड यांनी 'रोमिओ अँड ज्युलिएट' उभे केले. गिलगुड आणि ऑलिव्हिए या दोघांनी रोमिओ आणि मर्क्युशिओ या भूमिका आपसांत वाटून घेतल्या आणि काही आठवड्यांनी त्यांची अदलाबदल केली. आपल्याकडे 'संयुक्त मानापमाना'च्या आठवणी जुनी माणसे ज्या चवीने सांगत, त्याच चवीने इंग्रज रसिक पुढे कितीतरी वर्षे या प्रयोगाविषयी बोलत राहिले. गिलगुड काव्य गात असल्यासारखे म्हणत. ऑलिव्हिए तेच काव्य साध्या बोलण्यासारखे, अंगातल्या रक्ताच्या उसळीने म्हणत. आणि यांतले खरे कोणते यावर वाद रंगत. त्या वादात एक गोष्ट मात्र सहसा कोणाच्या लक्षात येत नसे, ती ही की दोन्ही रोमिओंसमोर ज्युलिएट एकच होती. समोरच्या नटाचा ताल पूर्ण बदलला तरी आपली भूमिका ढळू न देता त्याला साथ देणे हे संगतकाराचे कौशल्य आहे, आणि ॲशक्रॉफ्ट यांच्या अभिनयाचे मर्म मला तेथेच दिसते.

चित्रपटांकडे त्या फारशा वळल्या नाहीत. त्याच १९३५ साली हिचकॉक यांच्या 'द थर्टी-नाइन स्टेप्स'मध्ये त्या काही मिनिटांपुरत्या दिसतात. स्कॉटलंडच्या माळावरील एका संशयी, कंजूष शेतकऱ्याची ही तरुण बायको पळून जाणाऱ्या नायकाला नवऱ्याचा कोट देते आणि त्या कोटाच्या खिशात राहिलेल्या प्रार्थनागीतांच्या पुस्तकामुळे नायक गोळीतून वाचतो. शहर कसे असते हे त्या परक्या माणसाला विचारताना तिच्या डोळ्यांत जी भूक दिसते, तिच्यासाठी चित्रपटाचा तेवढा भाग मी अनेकदा पाहिला आहे.

प्रश्न : देवलांचे 'झुंझारराव' हे 'ऑथेल्लो'चे रूपांतर आहे हे ठाऊक आहे. ॲशक्रॉफ्ट यांनी डेस्डिमोना केली तेव्हा लंडनमध्ये खळबळ उडाली होती असे एका ठिकाणी वाचनात आले. नेमके काय घडले? (एक प्राध्यापिका, कोल्हापूर)

उत्तर : १९३० साली लंडनच्या सॅव्हॉय थिएटरमध्ये 'ऑथेल्लो'चा प्रयोग झाला. त्यात अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायक-नट पॉल रोब्सन ऑथेल्लो होते. गोऱ्या नटाने तोंडाला काळा रंग फासून ही भूमिका करायची, अशीच त्या वेळची रूढी होती. आदल्याच वर्षी, या थिएटरला लागून असलेल्या सॅव्हॉय हॉटेलच्या भोजनगृहात, रोब्सन यांना केवळ वर्णामुळे जेवण नाकारण्यात आले होते. म्हणजे जेथे त्यांना जेवायला मिळाले नव्हते, त्याच्या शेजारच्याच दारातून आत जाऊन ते व्हेनिसच्या सेनापतीची भूमिका करणार होते.

डेस्डिमोना झालेल्या ॲशक्रॉफ्ट तेव्हा अवघ्या बावीस वर्षांच्या होत्या. रंगमंचावर काळ्या माणसाने गोऱ्या तरुणीचे चुंबन घ्यावे हे अनेकांना सहन झाले नाही आणि ॲशक्रॉफ्ट यांना शिव्याशापांची पत्रे येऊ लागली. वर्णद्वेष म्हणजे काय याचा त्यांना स्वतःला आलेला हा पहिला मोठा अनुभव होता. रोब्सन यांचा ऑथेल्लो अमेरिकेत ब्रॉडवेवर पोहोचायला १९४३ साल उजाडावे लागले, यावरून लंडनच्या त्या प्रयोगाचे धाडस लक्षात येईल.

देवलांच्या रूपांतरात डेस्डिमोनाची कमळजा झाली आणि मराठी प्रेक्षक तिच्यासाठी रडला तो पतीच्या संशयामुळे. वर्णाचा काटा त्या कथेतून बराचसा निघून गेला होता. लंडनमध्ये १९३० साली नेमका तोच काटा प्रेक्षागृहात बसलेल्या माणसांना टोचला. ॲशक्रॉफ्ट यांच्या उतारवयातील दोन्ही गाजलेल्या भूमिका, मिसेस मूर आणि 'द ज्वेल इन द क्राउन' मालिकेतील बार्बी, साम्राज्यातील वर्णभेदाच्या कथांमधल्याच असाव्यात हा योगायोग म्हणता येईल. पण त्या भूमिका त्यांनी ज्या समजुतीने केल्या, तिची सुरुवात मला सॅव्हॉयच्या त्या पत्रांपाशी दिसते.

प्रश्न : त्यांची एकच सर्वश्रेष्ठ भूमिका निवडायची झाल्यास आपण कोणती निवडाल? (एक हौशी रंगकर्मी, सांगली)

उत्तर : फार विचार न करता राणी मार्गारेट. पण त्यासाठी थोडी पार्श्वभूमी सांगावी लागेल.

१९५०च्या दशकापर्यंत त्यांची गादी पक्की झाली होती. १९५२ साली नाटककार रॅटिगन यांच्या 'द डीप ब्लू सी'मधील हेस्टर आणि १९५४ साली इब्सेन यांची हेडा गाब्लर या त्यांच्या भूमिका गाजल्या. हेडाचा प्रयोग ऑस्लोला गेला तेव्हा नॉर्वेच्या राजाने त्यांना सुवर्णपदक दिले. इब्सेनच्या देशात जाऊन, परक्या भाषेत इब्सेन करून मिळालेले हे पदक मला ऑस्करहून जड वाटते. १९५६ साली रॉयल कोर्ट थिएटरमध्ये त्यांनी ब्रेश्ट यांच्या 'गुड वुमन ऑफ सेत्झुआन'मधली दुहेरी भूमिका केली. हेच नाटक आपल्याकडे व्यंकटेश माडगूळकरांनी 'देवाजीने करुणा केली' या नावाने मराठीत आणले.

एवढे मिळवलेली अभिनेत्री लंडनच्या वेस्ट एंड या नाट्यगृहांच्या भागात आरामात राहिली असती. परंतु तिशीही न गाठलेले दिग्दर्शक पीटर हॉल शेक्सपिअरच्या गावी, स्ट्रॅटफर्डला, कायमस्वरूपी नाट्यसंघ उभारण्याची कल्पना घेऊन आले, तेव्हा ज्येष्ठांपैकी पहिल्याप्रथम ॲशक्रॉफ्ट यांनी होकार दिला. नटांना एकेका नाटकापुरते न घेता दीर्घ मुदतीच्या करारावर घ्यायचे, सर्वांनी एकत्र वाढायचे आणि मोठ्या नटानेही वेळप्रसंगी दुय्यम भूमिका करायची, असा तो बेत होता. त्यांच्यासारख्या नावाजलेल्या अभिनेत्रीने सही केल्यामुळे इतरांचा विश्वास बसला. यातून रॉयल शेक्सपिअर कंपनी आकाराला आली.

याच संघाने १९६३ साली 'द वॉर्स ऑफ द रोझेस' केले. शेक्सपिअरच्या 'हेन्री सहावा'चे तीन भाग आणि 'रिचर्ड तिसरा' ही चार नाटके जॉन बार्टन यांनी कापून, सांधून आणि मधूनमधून स्वतः रचलेल्या ओळी घालून तीन नाटकांत बसवली. त्यात मार्गारेट पहिल्यांदा येते ती फ्रान्सहून आणलेली कोवळी मुलगी म्हणून. पुढे ती दुबळ्या राजाची बायको होते, सैन्य घेऊन रणांगणात उतरते, पकडलेल्या शत्रूच्या, यॉर्कच्या, डोक्यावर कागदी मुकुट ठेवते आणि त्याच्याच मुलाच्या रक्तात भिजवलेला रुमाल त्याच्या तोंडासमोर धरते. शेवटी नवरा, मुलगा, राज्य सारे गमावलेली, सर्वांना शाप देत हिंडणारी जख्ख म्हातारी होऊन ती 'रिचर्ड तिसरा'मध्ये येते. तीन नाटकांत पसरलेले हे सारे आयुष्य पंचावन्न वर्षांच्या एका अभिनेत्रीने पेलले. क्रूर रुमालाच्या प्रसंगातही ही बाई हसता हसता आतून फुटते आहे असे त्यांनी दाखवले. म्हणूनच शेवटची म्हातारी आधीच्या मुलीतूनच उगवलेली वाटते. बीबीसीने १९६५ साली ही नाटके दूरचित्रवाणीवर आणली, त्यामुळे निदान या भूमिकेबाबत आपल्याला ऐकीव गोष्टींवर अवलंबून राहावे लागत नाही.

प्रश्न : त्यांचे तीन विवाह झाले हे खरे काय? (एक वाचक, पणजी)

उत्तर : होय. पहिला प्रकाशक रुपर्ट हार्ट-डेव्हिस यांच्याशी, दुसरा रशियन दिग्दर्शक कोमिसार्जेव्हस्की यांच्याशी आणि तिसरा, पंचवीस वर्षे टिकलेला, वकील जेरेमी हचिन्सन यांच्याशी. या विवाहातून त्यांना दोन मुले झाली. 'लेडी चॅटर्लीज लव्हर'वरील १९६०च्या गाजलेल्या खटल्यात प्रकाशकाची बाजू मांडणाऱ्या वकिलांमध्ये हचिन्सन होते. याहून अधिक तपशिलाचे या सदरात काम नाही.

प्रश्न : माझी मुलगी लंडनजवळ राहते आणि या उन्हाळ्यात मी तिच्याकडे जाणार आहे. जाण्यापूर्वी ॲशक्रॉफ्ट यांचे काय पाहावे आणि तेथे त्यांचे काही स्मारक आहे काय? (एक निवृत्त शिक्षिका, पुणे)

उत्तर : आपण निवृत्त शिक्षिका आहात, म्हणून आधी 'द ज्वेल इन द क्राउन' पाहा. पॉल स्कॉट यांच्या कादंबऱ्यांवरील या चौदा भागांच्या मालिकेत ॲशक्रॉफ्ट यांनी बार्बी बॅचलर नावाची मिशन शाळेतून निवृत्त झालेली शिक्षिका साकारली आहे. बार्बी अखंड बोलत असते. ज्या इंग्रज घरात ती आश्रित म्हणून राहते, तेथे तिची बडबड लोकांना नकोशी होते आणि आपण नकोसे आहोत हे कळत असूनही तिला थांबता येत नाही. अखेरीस रुग्णालयात तिचे बोलणेच तुटते. बोलक्या बाईचे ते मौन पाहताना अंगावर काटा येतो.

ही मालिका १९८४च्या आरंभी ब्रिटनमध्ये दाखवली गेली आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात डेव्हिड लीन यांचा 'अ पॅसेज टू इंडिया' आला. त्याचे बरेचसे चित्रण बंगळूर परिसरात झाले. लीन आणि ॲशक्रॉफ्ट यांच्या वयात तीनच महिन्यांचे अंतर. दोघेही पंच्याहत्तरी ओलांडलेले. मिसेस मूर बार्बीच्या नेमक्या उलट स्वभावाची, मितभाषी बाई आहे. रात्रीच्या मशिदीत ती पायांतले जोडे काढून येते तेव्हा डॉ. अझीझ चकित होतो, आणि एवढ्या एका कृतीतून त्यांची मैत्री जुळते. पुढे गुहेतला प्रतिध्वनी ऐकून तिच्या मनातले काहीतरी कायमचे विझते, आणि ॲशक्रॉफ्ट ते जवळजवळ चेहरा न हलवता दाखवतात. फॉर्स्टर यांच्या मूळ कादंबरीत परतीच्या वाटेवर तिला आगगाडीतून असीरगडचा किल्ला दिसतो आणि मुंबईच्या बंदरातून ती बोटीवर चढते. कादंबरी हाताशी असल्यास ती पाने जरूर वाचा. सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर याच भूमिकेसाठी मिळाले आणि या गटातील सर्वांत वयस्क विजेत्या म्हणून आजही त्यांचेच नाव घेतले जाते. समारंभाला त्या हजर नव्हत्या. पुरस्कार अँजेला लॅन्सबरी यांनी स्वीकारला.

१४ जून १९९१ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. क्रॉयडनच्या फेअरफील्ड हॉल्समध्ये १९६२ सालापासून त्यांच्या नावाचे नाट्यगृह आहे आणि वेस्टमिन्स्टर ॲबीत कवींच्या कोपऱ्यात २००५ साली त्यांची स्मृतिशिला बसवण्यात आली. मात्र एक दिवस मोकळा असेल तर मुलीला घेऊन स्ट्रॅटफर्डला जा. शेक्सपिअरचे घर जेथे होते त्या 'न्यू प्लेस'च्या मोठ्या बागेत ॲशक्रॉफ्ट यांनी १९६९ साली तुतीचे एक झाड लावले होते. त्यांची रक्षा त्याच झाडाभोवती विखुरलेली आहे.