बर्क या इंग्रजी क्रियापदाचा अर्थ काय आणि ते आलं कुठून?

तुम्ही म्हणताय की एका जुन्या इंग्रजी अग्रलेखात 'टू बर्क अ क्वेश्चन' असं वाचलं, तर प्रश्न टाळणे असा अर्थ घ्यायचा का. नका घेऊ, टाळणे फारच सौम्य होतं. दडपून टाकणे म्हणा, आणि तेही असं की मागे खूण राहू नये.

हा शब्द एडमंड बर्कवरून आला असेल असं पटकन वाटतं, तोच वॉरन हेस्टिंग्जवर महाभियोग चालवणारा, पण त्याचा काही संबंध नाही. हा विल्यम बर्क, मजुरीसाठी आयर्लंडहून स्कॉटलंडला आलेला. 1827 च्या नोव्हेंबरात एडिंबरामध्ये विल्यम हेअर नावाच्या त्याच्या मित्राकडचा एक म्हातारा भाडेकरू आजारपणात वारला, भाडं थकलेलं होतं, मग दोघांनी त्याचं प्रेत डॉ. रॉबर्ट नॉक्सच्या शरीरशास्त्राच्या वर्गाला विकलं आणि साडेसात पौंड घेतले. तेव्हा विद्यार्थी भरपूर आणि विच्छेदनाला कायद्याने मिळणारी प्रेतं अगदीच थोडी, त्यामुळे गिऱ्हाईक तयारच होतं. पुढच्या वर्षभरात यांनी 16 खून केले. दारू पाजायची, मग छातीवर बसून नाक-तोंड दाबून धरायचं, म्हणजे गळ्यावर वळ नाही, अंगावर जखम नाही आणि विचारणारंही कुणी नाही, कारण मेलेले बहुतेक गरीब नाहीतर परगावचे. मला सगळ्यात जास्त टोचतं ते हेच.

पुढे हेअर माफीचा साक्षीदार झाला आणि सुटला. बर्कला 28 जानेवारी 1829 ला फाशी दिली, तेव्हा जमलेले लोक 'हेअरलाही बर्क करा' म्हणून ओरडत होते, म्हणजे माणूस मरायच्या आधीच त्याच्या नावाचं क्रियापद झालेलं. त्याच्या प्रेताचंही विच्छेदन केलं, सांगाडा अजून एडिंबरा विद्यापीठाच्या संग्रहालयात आहे.

आधी अर्थ फक्त गुदमरवून मारणे असा होता, मग थोड्याच वर्षांत चौकशी, चर्चा, ठराव यांनाही लोक 'बर्क' करायला लागले. आपलं 'दाबणं' पण तसंच आहे बघा, तोंड दाबून बुक्क्यांचा मार पण म्हणतो आणि प्रकरण दाबलं पण म्हणतो. त्यामुळे तुमच्या वाक्यात मी तरी 'प्रश्न परस्पर दाबून टाकला' असंच लिहीन, 'गळा घोटला' नको, त्याचे वळ राहतात.