प्रतिसरकारवर लघुप्रबंध लिहिताना 'केंद्र बदला' म्हणजे नेमकं काय करायचं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: एम.ए.च्या लघुप्रबंधाला साताऱ्याचं प्रतिसरकार, म्हणजे 1942 च्या चळवळीनंतर क्रांतिसिंह नाना पाटील आणि भूमिगत कार्यकर्त्यांनी ब्रिटिशांविरुद्ध गावोगाव उभारलेली समांतर सत्ता, हा विषय घेतलाय. मार्गदर्शकांनी आराखड्यावर 'केंद्र बदला, नुसता नेत्यांचा इतिहास नको' असा शेरा मारलाय. मग 'स्त्रियांचा सहभाग' आणि 'दलितांचा सहभाग' अशी दोन प्रकरणं शेवटी जोडली तर चालेल का?

चालणार नाही, आणि अडचण 'सहभाग' या शब्दातच आहे. सहभाग म्हटलं की कार्य दुसऱ्याच्या घरचं आणि हे आलेले पाहुणे. 'प्रतिसरकारातील पुरुषांचा सहभाग' असं प्रकरण कुणी लिहीत नाही, कारण पुरुष म्हणजेच प्रतिसरकार असं आपण मनात धरून चाललेलो असतो. हे जे न बोलता धरलेलं असतं, त्यालाच अभ्यासक केंद्र म्हणतात.

मराठीत या कामाला बऱ्याचदा 'विकेंद्रीकरण' म्हणतात, ते मात्र टाळा. आपल्याकडे त्या शब्दाने 1 मे 1962 ला आलेली जिल्हा परिषद आठवते, म्हणजे वरच्या सत्तेतला काही वाटा खाली देणं. इथे वाटा द्यायचा नाही, बघण्याची जागा बदलायची आहे. 'केंद्र हलवणं' हे साधे शब्द पुरेत.

पहिलं काम घरबसल्या होतं. प्रतिसरकारवरच्या कुठल्याही छापील मजकुराची दहा पानं घ्या आणि पेन्सिलीने प्रत्येक वाक्याचा कर्ता अधोरेखित करा. मग वहीत चार रकाने पाडा: कोण करतो, कुणावर केलं जातं, कुणाचं नाव आडनावासकट येतं, कुणाचा उल्लेख नुसता जातीने किंवा नात्याने येतो. सहसा असं निघतं की 'पाटील', 'लाड', 'नायकवडी' नावाने येतात आणि बाकीचे 'एक रामोशी', 'गावातील एक म्हातारी' असे. हौसाताई पाटलांसारख्या स्वतः मोहिमांत असलेल्या बाईंची ओळखसुद्धा आधी 'क्रांतिसिंहांच्या कन्या' अशी होते. हे रकाने भरले की तुमच्या विषयाचं केंद्र कुठे आहे ते मोजून दाखवता येतं. मार्गदर्शकांना हे दोन पानांचं टिपण आधी दाखवा.

आता पद्धत. इतिहासकार रणजित गुहांनी 1983 च्या निबंधात शेतकरी बंडांवरच्या लिखाणाचे तीन थर सांगितले. घटनेच्या वेळचे सरकारी अहवाल हा पहिला, नंतरच्या अधिकाऱ्यांच्या आठवणी आणि गॅझेटियरसारखं लेखन हा दुसरा, आणि पुढच्या इतिहासकारांचं लेखन तिसरा. त्यांचं मुख्य म्हणणं असं की तिसऱ्या थरातला इतिहासकार बंडखोरांच्या बाजूचा असला तरी त्यांचं बंड उचलून दुसऱ्याच गोष्टीत बसवतो, बहुतेक वेळा राष्ट्राच्या. 7 जून 1943 ला शेणोलीजवळ पगाराचे पैसे नेणारी रेल्वे लुटली गेली, ती घटना या तीन थरांतून वाचा. सरकारच्या लेखी तो दरोडा. स्वातंत्र्यलढ्याच्या इतिहासात तोच पराक्रम. शब्द उलटला, पण दोन्हीकडे प्रश्न एकच राहिला: हे कायदेशीर की बेकायदा, देशासाठी की स्वतःसाठी? आसपासच्या वाड्यावस्त्यांवर पोलिसांची झडती आली असेल तेव्हा कुणाच्या घरात आधी शिरले, हा प्रश्न कुठल्याच थरात येत नाही.

'दरोडेखोर' या एका शब्दावर तर अख्खं प्रकरण उभं राहील. ब्रिटिश पोलिसांच्या कागदात हा शिक्का भूमिगत कार्यकर्त्यांवर होता, आणि त्याच काळात मुंबई इलाख्यात गुन्हेगार जमाती कायद्याखाली मांग, रामोशी, कैकाडी, पारधी यांतल्या कित्येक घरांवर तो जन्मापासूनच होता. त्यांना हजेरी द्यावी लागे, गाव सोडायचं तर परवानगी लागे. स्वातंत्र्यानंतर कार्यकर्त्यांचा शिक्का पुसला गेला, आणि ते योग्यच झालं. दुसऱ्यांचा पुसला गेला का? प्रतिसरकारने गुंड आणि दरोडेखोरांचा बंदोबस्त केला, तळपायावर पत्री मारली, असं आपण अभिमानाने लिहितो. ते गुंड नेमके कोण होते, कुठल्या आळीतले, त्यांतले आधीपासून हजेरीवर किती, हे तपासल्याशिवाय तो शब्द आपल्या वाक्यात घेऊ नका. कदाचित ते खरोखर गावाला छळणारे असतील. पण ते कागदावरून सिद्ध व्हायला हवं, जुन्या शिक्क्यावरून नाही. अण्णा भाऊ साठे याच टापूतले, वाटेगावचे. हजेरीची बाजू आतून लिहिणारा एवढा मोठा लेखक इथलाच असताना प्रतिसरकारच्या अभ्यासात त्यांना फक्त 'साहित्य' म्हणून बाजूला ठेवणं मला पटत नाही.

मुलाखतींकडे येऊ. त्या काळात वयात आलेली माणसं आता जवळपास उरलेली नाहीत, तेव्हा तुम्हाला मिळेल ती मुलं-सुना-नातवंडांनी ऐकलेली आठवण. तिला आठवणीची आठवण म्हणूनच वापरा, घटनेचा पुरावा म्हणून नको. लघुप्रबंधाला बारा ते पंधरा मुलाखती पुष्कळ झाल्या. तासभराच्या ध्वनिमुद्रणाला उतरवून घ्यायला सहा ते आठ तास जातात, हे वेळापत्रकात आधीच धरा. 'आमी', 'व्हतं', 'न्हाई' तसंच ठेवा. प्रमाण मराठीत घातलं की बोलणाऱ्याचा जोर जातो आणि तुमचाच आवाज उरतो.

प्रश्न कसे विचारता यावर सगळं अवलंबून आहे. 'तुमच्या घराने भूमिगतांना आश्रय दिला होता का?' असं विचारलं तर घरातला कर्ता पुरुष उत्तर देणार, आणि ऐकलेल्या भाषणांतलंच देणार. त्याऐवजी स्वयंपाकघरात बसून विचारा: रात्री माणसं आली तर दळण कोण दळायचं? जात्याचा आवाज बाहेर जायचा, मग काय करायचे? ज्वारी घरची की उसनी? भाकऱ्या रानात कोण पोचवायचं, सासू की सून की धाकटी पोर? भाकरी कमी पडली तर कोण उपाशी राहायचं? हे महायुद्धाच्या टंचाईचे दिवस होते हे ध्यानात ठेवा. या प्रश्नांना 'सहभाग' असं उत्तर येऊच शकत नाही. पीठ, सरपण, वाट, भीती असं काहीतरी ठोस येतं, आणि त्यातून कळतं की प्रतिसरकार चालत होतं कशावर. मुलाखतीला घरातले पुरुष बसून राहिले तर ती मुलाखत सरळ दुसऱ्या दिवशी पुन्हा घ्या. शेतात भांगलण चालू असताना बोलणं जास्त मोकळं होतं.

तोच प्रश्न मांगवाड्यात आणि बौद्धवस्तीत विचारला की उत्तर बदलतं. तिथली भाकरी भूमिगतांनी खाल्ली का? खाल्ली तर घरात बसून की बाहेर? शर्मिला रेगे यांनी 1998 मध्ये आणि त्याआधी 1995 मध्ये गोपाळ गुरूंनी, या दोन अभ्यासकांनी, दाखवलेला मुद्दा इथे उपयोगी पडतो. 'स्त्री' म्हटलं की सवर्ण बाई गृहीत धरली जाते आणि 'दलित' म्हटलं की पुरुष, आणि दोन्हींच्या मधली दलित बाई कुठल्याच प्रकरणात बसत नाही. तुमच्या दोन जोड-प्रकरणांत नेमकं हेच होणार होतं.

कागदपत्रांत मुंबईच्या पुराभिलेखागारातल्या गृहखात्याच्या विशेष फायली बघायलाच हव्यात, पण तिथेच सुरुवात केलीत तर पोलिसांचे प्रश्न तुमचे प्रश्न होतील. आधी गाव, मग मुंबई. तहसीलच्या अभिलेख कक्षात गाव नमुना 14 मागा, म्हणजे कोतवाल बुक, जन्ममृत्यूची नोंद. कुणबी दाखल्यांसाठी अलीकडे ज्या वह्या उलगडल्या त्यांतलीच ही. तिच्यात ज्यांचं नाव इतिहासात नाही अशांची नावं जातीसकट मिळतात. काही पानं मोडीत असतील, तर वाचणारा आधी गाठून ठेवा. फेरफाराच्या नोंदीतून (नमुना 6) वतनी आणि गहाण जमिनींचं काय झालं ते कळतं. प्रतिसरकारने सावकारांकडून सोडवलेली जमीन कुणाकडे गेली, हे भाषणापेक्षा फेरफार खरं सांगतो. हयात कुटुंबांची नावं प्रबंधात बदला आणि बदलल्याचं नमूद करा.

नकाशाचीही खबरदारी घ्या. 1943 चा सातारा म्हणजे आजचा सातारा नव्हे. वाळवा, तासगाव, खानापूर त्यात होते. 1949 ला दक्षिण सातारा वेगळा झाला आणि 1960 ला त्याचं सांगली झालं. कुंडल आणि किर्लोस्करवाडी तर औंध संस्थानात होती. आजचा जिल्हा धरून कागद शोधलेत तर अर्धे हुकतील, आणि फक्त ब्रिटिश हद्दीचे पाहिलेत तर संस्थानी प्रजा गायब होईल.

तारखांचंही तसंच. 9 ऑगस्ट 1942 पासून सुरुवात केली की काँग्रेसचा ठराव हे केंद्र आपोआप येतं. सत्यशोधक समाजाच्या जलशांपासून, म्हणजे गाण्या-नाट्यातून प्रबोधन करणाऱ्या कार्यक्रमांपासून, सुरुवात केली तर शेतकऱ्याचा सावकार-भटजींशी असलेला झगडा पुढे येतो. कासेगावला राहून काम केलेल्या समाजशास्त्रज्ञ गेल ऑम्व्हेट यांनी प्रतिसरकारकडे ब्राह्मणेतर चळवळीच्या ओघातच पाहिलं. आणि हजेरीवरच्या घरापासून सुरुवात केलीत तर शेवट 15 ऑगस्ट 1947 ला होत नाही, कारण गुन्हेगार जमाती कायदा देशभरातून गेला 31 ऑगस्ट 1952 ला.

इथे बहुतेक प्रबंध घसरतात ती जागा सांगतो. दिल्ली, पुणे, काँग्रेस ही केंद्रं हलवली की त्या जागी 'बहुजन शेतकरी' येऊन बसतो आणि लिहिणारा समाधानाने थांबतो. पण गावात जमीनधारक मराठा घर हेही एक केंद्रच होतं. मग गांधीहत्येनंतर 1948 च्या फेब्रुवारीत साताऱ्या-सांगलीकडे ब्राह्मणांची घरं जळाली, ते पान अवघड म्हणून गाळलं जातं. गाळू नका. वंचितांना निर्मळ आणि एकजीव दाखवणं हाही त्यांना माणूसपण नाकारण्याचाच प्रकार आहे. 'जनता पेटून उठली' हे वाक्य तुमच्या प्रबंधात एकदाही येऊ देऊ नका. कोण उठलं, कोण घरात राहिलं, कोण पोलिसपाटलाकडे गेलं, ते लिहा.

प्रस्तावनेत 'मी अमुक जातीचा, अमुक लिंगाचा' असा एक परिच्छेद टाकून पुढे दीडशे पानं ते विसरण्याची पद्धत रूढ झाली आहे. त्यापेक्षा प्रत्येक मुलाखतीखाली दोन ओळी द्या: कुठे बसून बोललो, कोण हजर होतं, मला कोणत्या घरचा समजून बोलले.

हे सगळं परक्या सिद्धांताचं ओझं आहे असं तोंडी परीक्षेत कुणी म्हणालं तर जोतीराव फुल्यांचं नाव घ्या. त्यांचं मूळ घराणं साताऱ्यातल्याच कटगुणचं. 1869 च्या पोवाड्यात त्यांनी शिवाजी महाराजांना 'कुळवाडीभूषण' म्हटलं आणि एका शब्दात राजाकडे बघण्याची जागा कुळवाड्याच्या बांधावर आणली. त्याही आधी, 1855 मध्ये, त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मुलीने मांग-महारांच्या दुःखावर निबंध लिहून छापला होता.

सुधारलेल्या आराखड्यात पहिलं प्रकरण नेत्यांच्या चरित्राऐवजी भाकरीचं ठेवा, दुसरं 'दरोडेखोर' या शब्दाचं, तिसरं जमिनीच्या फेरफारांचं. नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी तिन्हींत येतीलच, आणि या कामांमधून आले तर जास्त खरे दिसतील. गावं दोनच घ्या, एक ब्रिटिश हद्दीतलं आणि एक औंध संस्थानातलं. तीन घेतलीत तर वर्षात पुरं होणार नाही.